राणीला होते दोन हात

नाही गं बाई, तसं नाही सुरू होत ते. तुमच्या टीव्हीवर तो जाड्या आवाजाचा माणूस काय म्हणतो — काळाच्या पडद्याआड, इतिहासाच्या गर्भात — अरे बाबा, पडद्याआड काय नि गर्भात काय, आधी बाई कोण ते तरी सांग! तू लिहून घेतेस ना? मग नीट लिही. एक होतं नगर, नगराला होता राजा, राजाला होती राणी, राणीला होते दोन हात, आणि त्या दोन हातांच्या जोडीला होती एक दासी. लिहिलंस? आता मोज. नगर, राजा, राणी, हात, दासी. दासी पहिल्याच दमात आली की नाही? आली. मागून चोरपावलांनी नाही शिरली ती गोष्टीत. हे आधी लिही आणि खाली रेघ मार — दोन मार.

आणि त्या खुर्चीत नको बसूस, ती माझ्या लेकाची. इकडे ये, पलंगावर. तो औषधं आणायला गेलाय खाली. गुडघा धरतो त्याचा, चार पायऱ्या चढला की थांबतो, पुन्हा चार चढतो, तीन मजले आहेत — म्हणजे वेळ आहे, पण फार नाही. तो यायच्या आत तू जायचं, हे आत्ताच सांगून ठेवते. का म्हणजे? म्हातारीची लहर समज. चहा घेशील? नको? बरं झालं, दूधही नव्हतं.

तर टकळीनं पाठवलं तुला. टकळी म्हणजे माझी नात गं, तुमच्या मालिकेची ती लेखिका, तिला तुम्ही काय मॅडम-बिडम म्हणत असाल — मी टकळी म्हणते, दहा महिन्यांची असल्यापासून तोंड बंद नाही तिचं. आणि आता शेवटचा भाग आला, परवा शूटिंग, नि टकळीचं तोंड बंद! तीन शेवट लिहिले, तिन्ही फाडले, असंच म्हणालीस ना? मग म्हणाली, आजीला विचारून या. स्वतः का नाही आली? कामात आहे. हो, कामात आहे! ज्या आजीच्या मांडीवर नाक पुसलं त्या आजीकडे यायला जिना चढवत नाही, आणि परक्याची पोर पाठवते वही-पेन्सिल देऊन. लाज वाटते तिला, दुसरं काही नाही. वाटायलाच हवी.

मला कसं कळलं सांगू? बटाटे सोलत बसले होते. लेक म्हणाला, आई, ये ये, आपल्या पोरीची मालिका लागली. मी तशीच उठून आले, पाहते तर काय — राणी! ती राणी जिना उतरून येते, शीळ घालते, आणि पायरीवर फतकल मारून बसते न्याय करायला. माझ्या हातातला बटाटा तसाच. अगं, ती पायरी माझी! ती शीळ माझी! राणी दरबारात बसत नसे, पायरीवर बसे, कारण सिंहासनावर बसलं की समोरच्याचे पाय दिसत नाहीत आणि माणूस खरं बोलतो की खोटं ते पायांवरून कळतं — हे वाक्य मी जुळवलेलं आहे गं, मी, या तोंडानं. आणि शेवटी पाटी आली. लेकानं वाचून दाखवली, मला कुठे वाचता येतं. कथा म्हणून टकळीचं नाव. मी म्हटलं, आणि माझं? तो हसला. म्हणाला, आई, तुझं कसं असेल, तू काय टीव्हीत कामाला आहेस?

मी फोन केला तिला. म्हटलं, टकळे, मी तुला गोष्ट सांगितली होती, दिली नव्हती. ती म्हणते, आजी, गोष्टी काय गं, सगळ्यांच्याच असतात. म्हटलं, सगळ्यांच्या असतात तर पाटीवर तुझं एकटीचं नाव कसं? तिनं फोनच ठेवला.

पण नावाचं मी गिळलं. नाव काय, नावाला वाचता येणारे डोळे लागतात, मला तेच नाहीत. आणि ती तुमची नटी, तिचंही मी चालवून घेतलं — झोपताना कानात एवढाले झुमके, लढाईवरून आली तरी ओठांचा रंग जागच्या जागी, आणि घोड्यावर बसली की कमरेच्या वरच दाखवता, खाली घोडा आहे की स्टूल ते तुमचं तुम्हाला ठाऊक. हसू नकोस, मी काही चेष्टा करत नाहीये. हे सगळं चालवून घेतलं. पण दासी! दासीचं काय केलंत तुम्ही? तिरळी केलीत तिला. हनुवटीवर चामखीळ लावलीत. ती दारात आली की ढँण ढँण वाजवता. आणि पंधरा दिवसांपूर्वीच्या त्या भागात — राणी वेशीबाहेर गेली रे गेली, की दासी पाळण्याशी येते, इकडे बघते, तिकडे बघते, आणि बाळ उचलते. चोरते! राणीचं बाळ चोरते! कुणी सांगितलं तुम्हाला हे? मी नाही सांगितलं. माझी गोष्ट तर वेशीपाशीच थांबायची.

आता जिन्यात बायका भेटतात — खालच्या मजल्यावरची ती शिंपीण म्हणते, आजी, पाहिलंत का काल, त्या मेलीचे हात झडोत. मी म्हणते, हो गं, झडोत. आणि माझा लेक. अठ्ठावन्न पुरी झाली त्याला परवा, लहान मुलासारखा बघतो, खुर्चीच्या टोकावर येऊन. ही दासी आली की म्हणतो, आई, हिला उलटी टांगायला पाहिजे. माझ्याकडे बघून म्हणतो. मी शेजारी बसलेली असते.

मी टकळीला विचारलं, दासीनं तुझं काय घोडं मारलं होतं? म्हणते, आजी, कुणीतरी वाईट लागतंच गं, नाहीतर लोक बघत नाहीत, आणि राणी सगळ्यांना आवडते, मग उरली कोण? — उरली कोण! ऐकलंस? उरलेल्याला चोर करायचं, हा न्याय. ज्या दासीनं... जाऊ दे.

नाही, शेवट नाही सांगणार. फळं आणलीस ती ठेव, बरी दिसतात, पण शेवट नाही सांगणार. एवढ्या वर्षांत कुणाला सांगितला नाही. टकळीनं हजारदा विचारला, पुढे काय आजी, पुढे काय — मी म्हणायची, चादरी संपल्या. तुला माहीत नाही ते? तिनं एवढंही सांगितलं नाही? कमालच झाली. अगं, आमचं कपडे धुण्याचं दुकान होतं. पुढे काउंटर, मागे हौद, हौदामागे परसात तारा, तारांवर चादरी — लॉजच्या, दवाखान्याच्या, दिवसाला दीडशे. चादर एकटीला घडी घालता येत नाही, दोघी लागतात. दोघी असल्या की हात चालतात आणि तोंड रिकामं राहतं, म्हणून गोष्ट. चादरी आहेत तोवर गोष्ट, चादरी संपल्या की गोष्ट बंद, मग राणी कुठेही असो. टकळी सात वर्षांची झाली तेव्हापासून शाळेतून आली की पलीकडची दोन टोकं धरायची. आणि मी बेतानं सांगायची हं, किती घड्या उरल्यात त्यावर डोळा ठेवून, म्हणजे राणी वेशीपाशी पोचली की शेवटची चादर हातात. बरोब्बर.

ऊठ. ऊठ गं, तो ढीग बघ कोपऱ्यात, सकाळी गच्चीवरून आणून टाकलाय लेकानं. चार चादरी आहेत. वही ठेव खाली, घडी घालताना लिहिता येत नाही. चार चादरी होईतो जेवढं सांगेन तेवढं तुझं. पटतं? ये मग. दोन टोकं धर. अशी नाही, अंगठा आत. हां. आता ताण. झटका दे — जोरात दे, मोडत नाही मी. आता तुझं उजवं टोक डाव्यात, आणि चालत ये माझ्याकडे, टोकं माझ्या हातात दे, खालची मोड उचल. बघ, जमतंय. टकळीला महिना लागला होता.

राणी कोण म्हणून विचारतेस? राणी राणी होती. असं बघ, माझ्या सासूला दोन सुना. थोरली आणि मी. थोरली माझी जाऊ. ही जाऊ शीळ घालायची. बाईमाणूस, आणि इस्त्री करताना शीळ! केस मानेपर्यंत कापलेले, म्हणायची वाफेनं घाम येतो, कोण सांभाळतो ते शेपूट. गिऱ्हाईक भांडायला आलं की काउंटरमागे उभी राहायची नाही, बाहेर येऊन पायरीवर बसायची, म्हणायची, बसा, काय फाटलं ते दाखवा. सासू आतून ओरडायची, आल्या आमच्या महाराणी दरबार भरवायला! आणि मी पाणी घेऊन गेले की, गेली तिची दासी! एक महाराणी नि एक दासी, अशा दोन सुना पदरी पडल्या माझ्या. रोज म्हणायची. टोमणा होता तो. जाऊबाई हसायची, माझ्या कानात म्हणायची, दासी, आज राज्यात काय शिजलंय? — इथून झाली गोष्ट. गोष्ट आम्हा दोघींची होती. ती तिकडचं टोक धरून एक वाक्य म्हणायची, मी इकडून दुसरं. राणीला होते दोन हात, हे तिचं. जोडीला होती एक दासी, हे माझं.

म्हणजे झालं बघ, टकळीनं माझ्या एकटीची नाही चोरली, दोघींची चोरली.

दुसरी घे. ही जड आहे, ओली राहिली वाटतं कडेला. राजा? राजा निजलेला असायचा. गोष्टीत सांगायचो, राजा सहा महिने निजतो आणि सहा महिने जांभया देतो. खरं म्हणजे प्यायचा, थोरला दीर. माणूस वाईट नव्हता. बॉयलरपाशी निजला एकदा, तो उठला नाही. बाळ तेव्हा चार महिन्यांचं. सासू म्हणाली, आता या कोपऱ्यात बसायचं, बाहेर दिसायचं नाही. जाऊबाई तीन दिवस बसली. चौथ्या दिवशी उठली, नवऱ्याची सायकल काढली, मागे गाठोडी बांधली आणि दवाखान्याच्या चादरी पोचवायला गेली. अख्खा रस्ता बघत राहिला. तोच घोडा गं! तुम्ही पांढरा घोडा आणलात भाड्यानं. माझ्या राणीच्या घोड्याची चेन पडायची आणि ती स्वतः बसवायची, मग दवाखान्याच्या चादरीला काळे डाग, ते मी पुन्हा धुवायची.

घराला पेललं नाही ते. सासू बोलायची, शेजार बोलायचा, धाकटा म्हणजे आमचे हे, तेही बोलायला लागले. सहा महिन्यांत तिनं ठरवलं. मोठ्या शहरात मशीनवरची धुलाई निघाली होती, बायकांना घेत होते. मला हौदापाशी म्हणाली, दासी, मी जाते, जागा मिळाली की बाळाला न्यायला येते, तोवर तू सांभाळ. मी म्हटलं, किती दिवस? म्हणाली, दिवाबत्तीची सोय झाली की आलेच. आणि बाळ माझ्या हातात दिलं. दिलं! तिच्या हातांनी दिलं, मी पाळण्यातून नाही उचललं. भर दुपारी, उघड्या दारात, सासू बघत असताना. बाळाच्या दुपट्याच्या कोपऱ्यात लाल दोऱ्याचे तीन टाके घालून गेली. आमच्यात गिऱ्हाईकांच्या कपड्यांना अशी खूण घालतात, कुणाचं कुणाला जाऊ नये म्हणून. कुणाचं कुणाला जाऊ नये म्हणून...

ताण गं. ढिली धरलीस तर घडी वाकडी येते.

हो, तेच बाळ. माझा लेक म्हणजे तोच. झालं, कळलं तुला. टकळीला ठाऊक नाही. त्याला ठाऊक नाही. आमचे हे गेले, सासू गेली, ज्यांना ठाऊक होतं ते सगळे गेले, आता मी आणि तू. तुला का सांगितलं, मला माहीत नाही. चादर हातात असली की तोंड आपोआप चालतं, सवय वाईट.

तिसरी. एक वर्ष गेलं. मी रोज रस्त्याकडे बघायची. भिंतीला खिळा ठोकला, चादरीचं पलीकडचं टोक त्याला अडकवायची आणि एकटी घडी घालायची. खिळा काही गोष्ट पुढे नेत नाही. पाठीला पोर बांधलेलं. मला मूल नव्हतं, झालंही नाही पुढे. बाळाला दात आले, मी होते. गोवर निघाला, अकरा दिवस मी मांडीवरून खाली ठेवला नाही, सासू म्हणाली, जगत नाही, मी म्हटलं, जगतो. जगला. पहिल्यांदा आई म्हणाला तेव्हा मी मागे वळून पाहिलं — खरंच सांगते, मागे वळून पाहिलं, ती आली की काय म्हणून. मागे कोणी नव्हतं. म्हणजे मलाच म्हणाला होता. दोन वर्षं गेली. तीन गेली. चिठ्ठी नाही, निरोप नाही. लिहिता तिलाही येत नव्हतं, मलाही नाही, पण निरोपाला काय अक्षरं लागतात? कुणा येणाऱ्याजाणाऱ्याकडून सांगता येत नव्हतं, जिवंत आहे म्हणून? जी माझ्या कानात राज्य सांगायची, तिनं मला खिळ्याच्या हवाली केलं. आधी तिनं मला फसवलं, हे लक्षात ठेव. आधी तिनं.

शेवटची घे. हिचं टोक जरा वर धर, तू उंच आहेस, जमिनीला लागते — अजून वर. अगदी तोंडासमोर धर. हां, अशी.

...

नाही, काही नाही. हलू नकोस. तुझे पाय दिसतात गं, चादरीखालून. बाकी काही दिसत नाही, नुसते पाय.

तो चार वर्षांचा व्हायचा होता. परसात तारांवर लॉजच्या चादरी, वाळत घातलेल्या, ओल्या, आणि तो त्यात लपाछपी खेळायचा. मी चिमटे लावत होते. परसाचं दार वाजलं. मला शीळ ऐकू आली. दार वाजवताना शीळ घातली तिनं — दुसरं कोण? मी त्याला म्हटलं, चूप, आता आपण खेळ खेळायचा, चादरीमागे उभा राहा, हलायचं नाही, श्वासही हळू घ्यायचा. गुणी पोर, उभं राहिलं. मी दार उघडलं. उन्हानं रापलेली, अंगात जाड कापडाचा कोट, हातात लहान मुलाचे बूट, नवे, नाडीनं एकमेकांना बांधलेले. म्हणाली, दासी, खोली मिळाली गं मला. खिडकी आहे खोलीला. कुठे आहे तो?

आणि मी म्हटलं, गेला.

मी म्हटलं, गोवर निघाला, गेला.

तोंडातून आलं. ठरवून नाही, देवाशपथ, त्या क्षणापर्यंत ठाऊक नव्हतं मी काय बोलणार ते. पण आलं आणि मी ते परत नाही घेतलं. ती रडली नाही. माझ्याकडे बघितलंही नाही. खाली बघितलं तिनं. समोरच्याचे पाय बघायची सवय होती ना तिला... आणि तिच्यासमोर, तीन पावलांवर, चादर, आणि चादरीखाली दोन पाय. एवढेएवढे. चिखलानं माखलेले, डाव्या पायाचं बोट उजव्यावर ठेवलेलं. आत्ताही उभा राहिला की तो तसंच ठेवतो.

बघितले का तिनं? चोपन्न वर्षं मी हेच विचारतेय. बघितले असतील, तर बोलली का नाही? चादर ओढून काढायला किती वेळ लागतो? तीन पावलं. घोड्यावर बसून गाव ओलांडणारी ती, तिला तीन पावलं जड? आणि नसतील बघितले, तर — तर मी जिवंत पोराच्या आईला... बराच वेळ खाली बघत होती. मग ते बूट माझ्या हातात दिले. म्हणाली, हे असू दे, कुणाला तरी होतील. आणि म्हणाली, जप. एवढंच. जप. मेलेल्याला कुणी जप म्हणतं का गं? तूच सांग, तू शिकलेली आहेस. कुणाला म्हणाली, मला की त्याला? की नुसतं, निघताना म्हणतात तसं?

गेली. पुन्हा आली नाही. बूट त्याला दोन वर्षं झाले.

मी टाकीन चादर खाली, तू धर. हात दुखले.

आणि टकळी म्हणते, कुणीतरी वाईट लागतंच! तिला कसं कळलं? मी वेशीपाशी थांबवायची गोष्ट, रोज, न चुकता, त्यापुढे एक अक्षर नाही. मग तिनं दासीला चोर कुठून केलं? हे मला सहन होत नाही गं. पाटीवरच्या नावाचं नाही, चामखिळीचंही नाही. माझ्याच हाताखाली वाढलेली पोर, माझ्या आवाजात काय होतं ते ऐकत बसली, चादरीचं टोक धरून, आणि वीस वर्षांनी उठून अख्ख्या जगाला दाखवलं. दासी म्हणताना माझा आवाज उतरत असेल. मला काय ठाऊक, मी गोष्ट सांगण्यात गुंग. गोष्ट सांगणाऱ्याचा दगा गोष्टच करते, दुसरं कोणी नको.

चोर म्हणा हवं तर. पण तिरळी नव्हते मी.

थांब. ऐक. — खालचं दार वाजलं. तो आला. चार पायऱ्या... थांबला. ऐकलंस? वही घे. पटकन घे, इकडे बस, लिही. आता सांगते शेवट, तुमच्या परवाच्या शूटिंगचा. लिही: राणी परत आली. घोडा नको, पायी येऊ दे. तिनं विचारलं, माझं बाळ कुठे? लिहिलंस? आणि दासीनं — ढँण ढँण बंद करायला सांग तेवढ्यापुरतं — दासीनं काही बोलायच्या आधी हात लांब केला आणि चादर बाजूला केली. झालं. एवढंच करायचं तिनं, चादर बाजूला करायची. ती तुमची नटी, दासीचं काम करणारी, तिला सांग, हात लांब करायला जड जाऊ दे, पण कर म्हणावं. मागे बाळ उभं. डाव्या पायाचं बोट उजव्यावर. हे विसरू नका.

पुन्हा चार. दुसरा मजला आला. मग राणीनं बाळाला कडेवर घेतलं, आणि बाळ रडलं, कारण ओळखत नव्हतं, आणि दासीकडे हात केले त्यानं — हे लिही, हे खरं झालं असतं — आणि राणी म्हणाली, दासी, तू पण चल. खिडकी आहे खोलीला. मग तिघं गेली. नगर मागे राहिलं, निजलेला राजा मागे राहिला. राणीला बाळ मिळालं, बाळाला दोन आया मिळाल्या, दासीला चादरीच्या पलीकडच्या टोकाला पुन्हा माणूस मिळालं, घरात दिवा लागला, चूल पेटली, कुणाचं कुणाला गेलं नाही, जे ज्याचं ते त्याला पोचलं. असं त्यांचं भलं झालं. बाकीच्यांचंही होवो.

मधलं पान? चादरींच्या वेळी तू काही लिहिलंच नाहीस ना? दाखव. मला वाचता येत नाही पण कोरं पान ओळखता येतं. ... बरं, कोरंच आहे. टकळीला सांग, आजीनं शेवट सांगितला. एवढंच सांग. बाकी तुझ्या इमानावर, मला आता कुणाच्याच इमानाची खात्री राहिली नाही, माझ्याही.

शेवटच्या चार पायऱ्या. तो दम खाईल दाराशी, तेवढ्यात त्याच्या बाजूनं निघून जा. पायांकडे बघू नकोस त्याच्या.

ऊठ. चादरी संपल्या.